बापापेक्षा मोठी

येत्या गुरुवारी त्रिशला मगदूम आपल्या बापापेक्षा वयानं मोठी होणार होती. त्यातून तिच्या पदरात काय काय पडेल, याचा अंदाज सांगवण्यातल्या घराघरानं आपापल्या परीनं बांधून ठेवला होता. कुणी म्हणे, हळद शिजवायचं आवार. कुणी म्हणे, नदीकाठचं रान. शेजारच्या उपाध्यांची सून तर म्हणे, म्हातारीला एवढ्या वयात काय करायचंय, तिला फक्त भावाचं तोंड उतरलेलं बघायचंय.

उपाध्यांची सून अगदीच चुकत नव्हती. पण खुद्द त्रिशलाक्काच्या अंदाजात पहिली बाब दुसरीच होती. तिला दोन शब्द मिळणार होते : "झाकण काढा." हे दोन शब्द बोलायचा हक्क सांगवण्यात घरातल्या सगळ्यात वडील माणसाला असतो, आणि मगदुमांच्या घरात तो सध्या बाळगोंडा मगदुमांना, म्हणजे तिच्या आण्णांना होता. आण्णा त्याच झाकणाखाली एकतीस वर्षं बसून होते आणि झाकण काढू नका म्हणत होते.

सांगलीहून कृष्णेच्या काठाकाठानं खाली गेलं की सांगवणे लागतं. इथली माती चिवट. तिच्यात खोल पेवं खणतात, म्हणजे तोंडाशी अरुंद आणि पोटात ऐसपैस असे खड्डे. त्यांत हळद भरून तोंड लिंपून टाकलं की ती वर्षानुवर्षं टिकते. पेवात उतरणं मात्र धोक्याचं. बंद हळदीनं आतली हवा मारून टाकलेली असते. म्हणून आधी कंदील सोडायचा. तेवत राहिला तर माणूस उतरणार. विझला तर हवा वाईट.

मगदुमांचं एक पेव तीन पिढ्या रिकामं होतं. त्यात कंदील सोडला की अर्ध्या खोलीवर विझायचा, दरवेळी, नेमानं. वाईट हवेतला कंदील घरात परत आणायचा नाही अशी गावची रीत. त्यामुळे दोर खाली सोडून दिला जाई आणि लोक हात झटकून मोकळे होत. तो कंदील वर ओढून एकदा बघावा, असं तीन पिढ्यांत कुणाच्या मनात आलं नाही. आलं ते रेणू गोडखिंडीच्या. ती पुण्याहून माती तपासायला आलेली बाई, रीत तिला ठाऊक नव्हती. तिनं सोडलेला कंदील विझला, ती जेवायला गेली, मग आजारी पडली, आणि आठवड्यानं येऊन तिनं दोर ओढला. कंदील पेटलेला होता. तेल जेमतेम उतरलं होतं.

मग दोन नाजूक घड्याळं आली. एक काठावर राहिलं, एक खाली गेलं. महिन्याभरानं पाहिलं तर खालच्या घड्याळात एक दिवस झालेला.

डॉक्टर रेणू गोडखिंडीनं ते गावाला देवळाच्या पायरीवर बसून समजावलं होतं. "नदी मधोमध पळते, पण वळणावरच्या डोहात पाणी जागच्या जागी फिरत राहतं की नाही? वेळही वाहते. तुमच्या या पेवाच्या तळाशी तिचा डोह झालाय. वर तीस दिवस वाहून जातात, खाली एकच जातो. खालच्या माणसाला काही वेगळं वाटत नाही. त्याची नाडी, त्याची भूक, त्याचे विचार, सगळंच सारख्या मापानं संथ."

"मग कंदील विझायचा कसा हो, बाई?" कुणीतरी विचारलं.

"विझत नव्हताच. उजेड म्हणजे लाटा. खालून निघालेल्या लाटा वर येताना तीस पट विरळ होतात. इतक्या विरळ लाटा आपल्या डोळ्यांना दिसत नाहीत, थोडी ऊब लागते एवढंच. आणि वरचा उजेड खाली जाताना तितकाच दाट होतो. साधं ऊन खाली पोचेपर्यंत कातडी जाळणारं होतं. म्हणून झाकण हवं, आणि उघडायचं ते जाड ताडपत्रीच्या आडोशाला." माणूस उभा उतरवायचा नाही, हेही तिनंच सांगितलं. पाय डोहात आणि डोकं बाहेर अशा स्थितीत रक्ताला कुणाच्या तालावर पळावं ते कळणार नाही. म्हणून माणसाला फळीवर आडवं झोपवून, सगळा एकदम पार करायचा. हे असं याच मातीत का घडतं, ते मात्र तिला शेवटपर्यंत नीट सांगता आलं नाही. मातीतल्या कुठल्याशा स्फटिकांवर तिनं पुष्कळ लिहिलं, आणि त्यावर इतरांनी त्याहून पुष्कळ.

आण्णांना हे सगळं कळलं ते अगदी वेळेवर. त्यांच्या यकृतात गाठ निघाली होती आणि डॉक्टरांनी थोडेच महिने सांगितले होते. त्याच वर्षी त्रिशला नवऱ्याचं घर सोडून माहेरी आली होती आणि वडिलोपार्जित रानात, आवारात आपला हक्काचा वाटा मागत होती. आण्णा ओसरीवर उभे राहून सगळ्या भावकीदेखत म्हणाले होते, "मी जिवंत आहे तोवर या घराची वाटणी होणार नाही."

बाकीचे बापही असं म्हणतात, पण ते कधीतरी मरतात. आण्णांनी न मरायची सोय शोधली. पेवाचं तोंड रुंद करून घेतलं, खाली खाट, पाट, दिवा, हवेची नळी बसवली आणि औषध निघेपर्यंत वाट बघायला ते फळीवर आडवे होऊन खाली गेले. तेव्हा ते अडुसष्ट वर्षांचे होते आणि त्रिशला अडतीसची. कारभार धाकट्या अभिनंदनच्या हाती देऊन गेले.

आता खालच्या माणसालाही दिवसातून दोनदा भूक लागते. खालचा दिवस म्हणजे वरचा महिना. म्हणून पंधरवड्याला झाकणातल्या झडपेतून एक डबा जायचा. आधी आई, पद्मिनीबाई, करायची. आण्णा सूर्यास्तानंतर न जेवणारे, व्रताचे कडक. खाली एका जेवणात सूर्य मावळून पुन्हा उगवत असे, पण त्यांनी आपल्या दिव्याचाच सूर्य मानून घेतला होता आणि पुण्याईला कुठं कात्री लागू दिली नव्हती. बोलायचं तर एक यंत्र होतं, ते अभिनंदनच्या ताब्यात. वरून बोललेलं ते ताणून खाली ऐकवायचं, खालून बोललेलं आवळून वर. आमटीत मीठ कमी पडल्याची तक्रार वर यायची तेव्हा ती आमटी कुणाला आठवतही नसे.

त्रिशला कोर्टात गेली. कोर्टानं आण्णांना उत्तर द्यायला नोटीस धाडली. आण्णांनी महिन्याची मुदत मागितली. कोर्टानं विचार केला, प्रतिवादीच्या काळाचाही मान राखला पाहिजे. आणि महिना दिला, खालचा. तेवढ्यात वर अडीच वर्षं गेली आणि दोन न्यायाधीश बदलले. मग आण्णांनी आणखी एक महिना मागितला. शेवटी कोर्टानं प्रकरण बाजूला ठेवलं, प्रतिवादी वर येईल तेव्हा चालवू म्हणून. आणि वर कधी आणायचं? तर पेवाच्या बाबतीत गावची रीत मानावी : झाकण उघडेल ते घरातल्या वडील माणसाच्या शब्दानं. त्या तोंडातून काही आत जायचं किंवा बाहेर यायचं, तेही त्याच्याच शब्दानं.

आण्णा निर्धास्त झाले. पण मध्येच सरकारनं एक कायदा केला. उद्या आणखी माणसं अशी खाली बसतील आणि वर येऊन शंभरीचं पेन्शन मागतील, या भीतीनं ठरलं की वय म्हणजे जगलेलं वय. पंचांगाचं नाही, शरीराचं. आण्णांनी खालून तो कायदा ऐकला आणि शहाणा आहे म्हणाले.

त्या शहाण्या कायद्यानं सहा-सात वर्षांतच आई आण्णांहून मोठी झाली. त्रिशलानं तिला विनवलं, "आई, तू नुसतं म्हण. झाकण काढा. एवढंच."

"माझ्या तोंडून नाही निघायचं गं ते," आई म्हणाली. ती कुणाला भीत होती की तिला आयुष्यात पहिल्यांदाच दुपारची झोप मिळत होती, यावर गावात दोन तट होते. सोळा वर्षं तिच्या हाती हक्क होता. तिनं तो वापरला नाही, डबा मात्र एकदाही चुकवला नाही. चौऱ्याऐंशीव्या वर्षी ती गेली आणि हक्क परत आण्णांकडे आला. डबा आला त्रिशलाकडे. आई गेली आणि त्यानंतर वर्षभरातच सांगलीच्या दवाखान्यात त्या गाठीचं औषध मिळू लागलं. अभिनंदन म्हणाला, "मी आण्णांना सांगितलंय. ते म्हणतात, अजून सुधारू दे."

अशी एकतीस वर्षं.

बुधवारी संध्याकाळी अभिनंदन बहिणीकडे आला. चौसष्ट वर्षांचा माणूस, पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं, आणि अजून सगळं गाव त्याला "धाकटे मालक" म्हणायचं. तो आला तसा जिन्याखालच्या खोलीभर नजर फिरवून बसला. त्रिशलाक्का याच खोलीत राहायची.

"आक्का, गुडघे कसे आहेत?"

"आहेत जागेवर. माझ्या गुडघ्यांसाठी आलास?"

"तुझं नेहमीचं तिरकं." तो हसला. "मी काय म्हणतो, आवार तू घे. शिजवायच्या कायलींसकट. मी उद्याच करून देतो तुझ्या नावानं. रानाचं पुढं बघू."

"आण्णा असताना तुला देता येतंय?"

"कारभार माझ्याकडं आहे. बसेल कुठंतरी बसवून."

"एकतीस वर्षं बसत नव्हतं ते एका रात्रीत बसायला लागलं," त्रिशलाक्का म्हणाली. "आणि मी काय द्यायचं?"

"काही नाही. उद्या तू काही बोलायचं नाहीस, एवढंच."

तिनं मनाशी ताडून पाहिलं. सौदा वाईट नव्हता. आवार हाती येत होतं, तेही न भांडता. आणि झाकण काढलं तर? आण्णा वर येणार, औषधानं बरे होणार, आणखी पंधरा वर्षं वाटणी नाही म्हणत कोर्टाच्या पायऱ्या झिजवणार. दोघं आता एकाच वयाची. कोण कुणाच्या आधी जाईल याचा भरवसा नव्हता. शहाण्या माणसानं आवार घेतलं असतं.

"अभ्या," ती म्हणाली, "मला तू दिलेलं नको. त्यांच्याकडून घ्यायचंय. समोर बसवून."

"आण्णा वर येणार नाहीत. फळीवर त्यांनी स्वतः आडवं व्हायला पाहिजे. नाही झाले तर तू काय करशील?"

"ते उद्या कळेल."

गुरुवारी सकाळी दोन्ही घड्याळांचे आकडे ताडून झाले आणि पंचायतीसमोर त्रिशला मगदूम घरातली वडील माणूस ठरली. तिनं पेवाच्या काठावर जाऊन ते दोन शब्द म्हटले. ताडपत्री ताणली, झाकण निघालं, दोराला बांधून फळी खाली गेली. यंत्रापुढं ती म्हणाली, "आण्णा, मी तिशा. फळी पाठवलीय. वर या."

उत्तर यायला दुसऱ्या दिवशीची दुपार झाली. म्हणजे आण्णांनी तासभरही विचार केला नव्हता. "वर यायचं नाही. झाकण लावा. डब्यात चटणी पाठवा."

अभिनंदन नुसता खाकरला. त्रिशलाक्का पुन्हा यंत्रापुढं बसली. "आण्णा, चटणी नाही आणि भाकरीही नाही. आजपासून डबा बंद. जेवायचं असेल तर वर ताट वाढून ठेवते."

डब्याचा दिवस आला आणि डबा गेला नाही.

गाव खवळायला चार-पाच दिवस लागले. सातव्या दिवशी बायका बोलायला लागल्या. दहाव्या दिवशी उपाध्यांची सून रडत आली. "आक्का, पोटच्या पोरीनं बापाला दहा दिवस उपाशी ठेवायचं? कुठं फेडाल हे?"

"दहा दिवस तू मोजलेस," त्रिशलाक्का म्हणाली. "त्यांची दुपारच्या जेवणाची वेळ टळलीय नुसती. तुझा नवरा बाजारात बसला की रोजच टळते."

"पण दहा दिवस..."

"पंधरवड्याला एक डबा जात होता तेव्हा कुणी आलं नाही विचारायला, की महिन्यात दोनच वेळा का जेवतात म्हणून. तेव्हा बरोबर समजत होतं की गं तुला."

पण गावाला आता समजून घ्यायचं नव्हतं. तीस वर्षं जे गाव खालचा-वरचा काळ तोंडपाठ म्हणून दाखवायचं, ते भुकेच्या बाबतीत पुन्हा भिंतीवरच्या पंचांगाकडं बघायला लागलं. बाराव्या दिवशी पंच आले. "त्रिशलाबाई, हक्क तुमचाच आहे. पण माणुसकी?"

"माणुसकी होती की, जिन्याखाली. तुम्ही कधी खाली वाकून बघितलं नाही."

पंधराव्या दिवशी कुणीतरी तिच्या दारात शेण टाकलं. तिनं ते उचलून कुंडीतल्या झाडाला घातलं आणि दार उघडंच ठेवलं. अभिनंदननं चोरून डबा सोडायचा प्रयत्न केला तेव्हा दोरावरच्या लाला मुलाणीनं हात जोडले. "मालक, वडील माणसाच्या शब्दाशिवाय नाही सोडता येत. ही तुमचीच रीत."

त्या सगळ्या दिवसांत तिला एकदाही स्वस्थ झोप लागली नाही, हे खरं. दोनदा ती उठून पीठ मळायला बसली होती. दोन्ही वेळा तिनं ते पीठ गाईला घातलं.

तिसऱ्या आठवड्यात यंत्र खरखरलं. आवाजात राग होता, पण तो पोकळ होता. "फळी धरून ठेवा. येतोय. पद्मिनीला सांगा, ताट वाढ."

काठावर जमलेल्यांपैकी कुणी कुणाकडं बघितलं नाही.

फळी संध्याकाळी, उन्हं कलल्यावर वर आली. आण्णा तिच्यावर डोळे मिटून आडवे होते. धोतर स्वच्छ, दाढी एका दिवसाची. उठून बसले, डोळे चोळले आणि समोरच्या पांढऱ्या केसांच्या बाईला म्हणाले, "नमस्कार. आपण उपाध्यांच्या का?"

"मी तिशा, आण्णा."

ते बघत राहिले. आकडे त्यांना ठाऊक होते. रोज मांडत होते. पण आकड्याला सुरकुत्या नसतात. "तू..." ते म्हणाले आणि घाईनं दुसरीकडं बघून त्यांनी विचारलं, "तुझी आई कुठाय?"

"आई नाही आता."

"नाही म्हणजे?"

"नऊ वर्षं झाली."

आण्णांचे ओठ हलले. सवयीनं त्यांनी तिसानं भागलं असावं. "म्हणजे साडेतीन महिने," ते म्हणाले. "साडेतीन महिन्यांपूर्वी. मी... मी जेवत असेन तेव्हा. किंवा झोपलो असेन." मग अभिनंदनकडं वळून, "तू सांगितलंस, आई बरी आहे. परवाच सांगितलंस."

"तुमच्या तब्येतीला धक्का नको म्हणून, आण्णा."

"आणि औषध? ते निघालं का म्हणून विचारलं मी."

अभिनंदन बुटाकडं बघत राहिला. लाला मुलाणी म्हणाला, "आठ वर्षं झाली, मालक. माझ्या चुलत्याला दिलं. तो ऊस तोडायला जातो."

आण्णांनी हळूच विचारलं, "मग डबा कोण करत होतं?"

"मी."

"मी मिठाची तक्रार केली."

"ऐकली मी."

पुढं आण्णा विरघळतील आणि लेकीच्या गळ्यात पडतील, असं ज्यांना वाटलं त्यांना बाळगोंडा मगदूम ठाऊक नव्हते. ते उभे राहिले. "आवार, रान, काही वाटलं जाणार नाही. मी जिवंत आहे. फळी सोडा. मी परत जातो."

"नाही," त्रिशलाक्का म्हणाली.

"बापाला नाही म्हणतेस?"

"बापाला नाही म्हणत. धाकट्याला म्हणते. वडील मी आहे आता, आण्णा, तीन आठवड्यांनी का होईना. जिवंत आहात तर जिवंत माणसासारखं आमच्याबरोबर म्हातारं व्हा. उद्या दवाखाना, सोमवारी वकील. काय भांडायचं ते तारखेला उभं राहून भांडा. मी समोर असेन."

"आणि मी जिंकलो तर?"

"तर जिंका. पण वर राहून."

मग ती लालाकडं वळली. "माती आणा."

"आक्का!" अभिनंदन ओरडला. "मुंबईची माणसं यायची आहेत पेव भाड्यानं घ्यायचं म्हणून बघायला, पुढच्या महिन्यात. शब्द दिलाय मी."

"झाकणाचा शब्द माझा आहे. तुझा कुठला?"

त्यानं आण्णांकडं बघितलं. आण्णांनी पेवाच्या तोंडापासून दोन पावलं मागं घेतली. पहिली पाटी लालानं टाकली. दुसरी त्रिशलाक्कानं उचलली, गुडघे कुरकुरत असताना. नवल असं की तिसऱ्या पाटीला उपाध्यांची सून पुढं आली. डोहात पडणारी माती अर्ध्यावरून सावकाश तरंगत गेल्यासारखी खाली जायची, अंधारी होत दिसेनाशी व्हायची. पेव भरायला आठ दिवस लागले. पुण्याहून गोडखिंडीबाईंचा विद्यार्थी धावत आला, विज्ञानाचं नुकसान होतंय म्हणाला, आणि ते खरंच होत होतं. त्रिशलाक्कानं त्याला चहा दिला.

वर आलेल्या प्रतिवादीचा दावा दोन वर्षांत निकाली निघाला. आण्णा प्रत्येक तारखेला हजर राहिले, कडाडून भांडले आणि हरले. तीन सारखे वाटे झाले. आवार त्रिशलाक्काकडं आलं. आण्णा बरे झाले, आपल्या वाट्याच्या दोन खोल्यांत राहतात, जेवण स्वतः रांधतात, आणि मीठ कमी पडलं तर तक्रार कुणाकडं करायची ते अजून ठरत नाही.

राहता राहिलं, मोजलं कुणी किती. आण्णांनी आयुष्यातलं एक वर्ष दिलं आणि बायकोचं शेवटचं दर्शन गमावलं. अभिनंदननं धाकटे मालक होण्यात सगळी उमेद घातली आणि आता त्याला तसं कुणी म्हणत नाही. विज्ञानाचा एक डोह गेला. त्रिशलाक्काची एकतीस वर्षं गेली. ती भरून मिळावीत असा अर्ज तिनं केला नाही, घेणारं कार्यालयच नव्हतं. आणि पद्मिनीबाईंनी सगळ्यांच्या वाटचं भरलं, आगाऊ.